फाटकातून काय गेलं

शनिवार, ४ मार्च १९८९

इतिहास मंडळाची सभा झाली. हजर सात, त्यातले दोघे ग्रंथालयातली ऊब घ्यायला आलेले. स्केल्बीच्या रेल्वे कारखान्याला यंदा एकशे चाळीस वर्षं होतात. कारखाना स्वतः हा सोहळा बघायला हयात नाही, तीन वर्षांपूर्वीच त्याला टाळं लागलं, पण मंडळाला त्याचं काही सोयरसुतक नाही. आठ एप्रिलला पुस्तक निघणार, आणि त्याच दिवशी ग्रंथालयाच्या सभागृहात प्रदर्शन.

पुस्तकातलं पाचवं प्रकरण माझं आहे. मथळा मी सभेत खणखणीत आवाजात वाचून दाखवला : 'एक खिळासुद्धा नाही'. अडतीस वर्षं मी कारखान्याच्या मुख्य फाटकावर पहारेकरी होतो आणि तेवढ्या काळात कंपनीचा एक खिळासुद्धा परवान्याशिवाय बाहेर गेला नाही, हे त्या प्रकरणाचं सार. मथळा ऐकून वॉल्टर लम्लीला जोराचा ठसका लागला. वॉल्टर आमचा शेजारी. लोहारखान्यात पन्नास वर्षं काढली, छातीत काजळी बसली आहे बिचाऱ्याच्या. मी त्याला पाणी दिलं. बाकीचे सगळे खिडकीबाहेर बघत होते. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं.

मग मिस ग्लेडहिल, म्हणजे आमची ग्रंथपाल, हिने एक कल्पना मांडली. मुलगी हुशार आहे, पण बाहेरगावची. म्हणाली, "नुसते फोटो काय लावायचे? कारखान्यात घडलेली एखादी वस्तू घरोघरी असेलच ना? लोकांना आणायला सांगू."

कोणी हूं की चूं करेना. एवढी चांगली सूचना पडून राहणार असं दिसल्यावर मीच अनुमोदन दिलं.

घरी येऊन विनीला सांगितलं. माझी बायको चव्वेचाळीस वर्षांत माझं बोलणं ऐकून कधी हातातलं काम सोडून उभी राहिली नव्हती, आज राहिली.

"अनुमोदन कोणी दिलं म्हणालास?"

"मी."

"तू, हॉरेस? तू स्वतः?"

"हो."

"अरे देवा," ती म्हणाली आणि चक्क खुर्चीवर बसली. तिला माझं कौतुक वाटलं असेल. चेहऱ्यावरून तसं दिसत नव्हतं.

सोमवार, ६ मार्च

ग्रंथालयाच्या दारावर सूचना लागली. विनी सकाळपासून भांडी आदळते आहे.

"पुस्तक निघतंय ना तुमचं? मग वस्तू कशाला हव्यात?"

"इतिहासाला पुरावा लागतो, विनी."

"इतिहासाला लागत असेल. तुला सोसतो का ते बघ."

बायकांना इतिहासाचं वावडं असतं. पण हे प्रकरण माझ्यासाठी काय आहे ते तिला कळायला हवं होतं, म्हणून इथे लिहून ठेवतो. या गावात जो तो कशाकडे तरी बोट दाखवतो. अमुक इंजिनाचा बाष्पक माझा, तमुक डब्याचं सुतारकाम माझं. वॉल्टरने घडवलेले इंजिनांचे दांडे अजून तीन देशांत फिरताहेत. मी काय घडवलं? काही नाही. अडतीस वर्षं मी उभा होतो. माझ्या हातून काही गेलं नाही, एवढीच माझी कमाई, आणि ती एका प्रकरणात मावते. ते छापलं जावं एवढीच माझी इच्छा आहे.

गुरुवार, ९ मार्च

मिस ग्लेडहिलचं पहिलं प्रकरण वाचलं. १८४९ साली इथे दोन मेंढवाडे आणि एक दलदल होती. कंपनीने दलदल बुजवली, मेंढरं हाकलली आणि त्याच शिस्तीत माणसं आणली. घरं कंपनीची, चर्च कंपनीचं, न्हाणीघर कंपनीचं, रस्त्यांना नावं कंपनीच्या संचालकांची. दारूचा गुत्ता मात्र एकही बांधला नाही, त्यामुळे पहिली चाळीस वर्षं अख्खं गाव दर शनिवारी दीड मैल चालत हद्दीपलीकडे जाई आणि रविवारी चर्चमध्ये पाय चोळत बसे. हे शेवटचं वाक्य काढून टाका असं मी सुचवलं. ती म्हणाली, "मिस्टर हेब्डन, यातलं तेवढंच लोक वाचतील."

शनिवार, ११ मार्च

वस्तू येऊ लागल्या. माझं अक्षर चांगलं म्हणून चिठ्ठ्या लिहायचं काम माझ्याकडे. वस्तू, कोणी केली, साल, आणि शेवटचा रकाना : कशी मिळाली.

मी म्हटलं होतं, येतील पाचपंचवीस चित्रं आणि निवृत्तीची घड्याळं. आले कोळशाचे चिमटे, पाव भाजायचे काटे, पितळी बादल्या, तीन बागेची दारं, एक बाबागाडी, आणि ससे ठेवायची पेटी, तीही पहिल्या वर्गाच्या डब्यातल्या लाकडाची. ससे माझ्यापेक्षा उंची थाटात राहिले म्हणायचे. दुपारी आर्थर बूथ हातगाडीवर घालून अख्खं काचघर घेऊन आला. त्यात तो टोमॅटो लावतो. प्रत्येक काचेवर सुबक अक्षरांत कोरलं आहे, 'धूम्रपानास मनाई'.

"आर्थर, कशी मिळाली लिहू?"

"भेट, हेब्डनसाहेब."

"कोणाची?"

"मावशीची."

"मावशीकडे डब्याच्या सव्वीस काचा कशा आल्या?"

"तिला प्रवासाची फार आवड होती," आर्थर म्हणाला आणि हातगाडी तिथेच टाकून चालता झाला.

त्यानंतरच्या सगळ्यांनी एक तर 'भेट' सांगितलं, नाही तर 'सापडलं'. एका बाईंना बाबागाडी तळ्याकाठी सापडली. मी नोंद केली. मिस ग्लेडहिल टेबलामागे तोंडावर रुमाल धरून बसली होती. तिला सर्दी झाली आहे.

मंगळवार, १४ मार्च

दोन रात्री झोप नाही. साधी गोष्ट आहे. कारखान्यातून वस्तू विकत घेता यायची, पण मग तिचा परवाना असायचा आणि परवान्याची नोंद माझ्या वहीत. कारखाना मोडला तेव्हा या वह्या कचऱ्यात चालल्या होत्या, मी त्या घरी आणून माळ्यावर ठेवल्या. शनिवारपासून खाली काढून तपासतो आहे. प्रदर्शनाच्या टेबलावर आजवर चौसष्ट वस्तू आहेत. वहीत त्यातली एकही नाही.

अशा वस्तूंना रेल्वेच्या लोकांत 'पाहुणा' म्हणतात, हे मला माहीत होतं. कंपनीच्या वेळात, कंपनीच्या मालातून, स्वतःच्या घरासाठी केलेलं काम. पण ते इतर गावच्या कारखान्यांत. तिथले पहारेकरी कसे होते ते सर्वांना ठाऊक आहे.

माझ्याकडे पद्धत होती. संध्याकाळी सुटताना पिशवीत हात घालून प्रत्येकाने गोटी काढायची, काळी आली की झडती. दुपारी जेवायला दोन हजार माणसं एकदम घरी पळत, तेव्हा गोट्या शक्य नसत, पण तेव्हा मी स्वतः फाटकाशेजारच्या माझ्या खोलीच्या खिडकीपाशी उभा असे आणि प्रत्येकाचा कोट निरखत असे. फाटकातून काही जाणं शक्यच नव्हतं.

म्हणजे भिंतीवरून गेलं.

बुधवार, १५ मार्च

भिंत मोजली. अकरा फूट, वर काचांचे तुकडे. वॉल्टरला सोबत घेऊन प्रयोग केला : मी शिडीवर, आणि तो खालून आर्थरच्या काचघराची एक चौकट वर देणार. चौकट माझ्या हातात आली आणि शिडी गेली. पडलो ते खाजकुयलीसारख्या झाडोऱ्यात. वॉल्टर मदतीला येण्याऐवजी भिंतीला टेकून हसत होता, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत.

"भिंतीवरून कोण नेईल लेका? मान मोडेल!"

"मग कुठून गेलं?"

त्याचं हसू थांबलं. "सोड ना, हॉरेस. गेलं ते गेलं. पुस्तक छान झालंय तुझं. छापून टाक आणि मोकळा हो."

विनीने हातापायांना मलम लावलं. एरवी अशा वेळी ती चार शब्द सुनावते. आज एक नाही.

शुक्रवार, १७ मार्च

प्रकरणात थोडा जिव्हाळा हवा असं मिस ग्लेडहिल म्हणाली, म्हणून आज विनीवर एक परिच्छेद लिहिला. मलाच वाचून भरून आलं. दर शुक्रवारी, दुपारच्या जेवणाचा भोंगा व्हायच्या पाच मिनिटं आधी, माझी बायको फाटकावर पुडिंग घेऊन यायची. कणकेच्या आवरणात मांस भरून, फडक्यात बांधून चार तास वाफवलेलं, वाडग्यासकट. मला खिडकीकडे पाठ करून बसवायची, कारण तोंडावर वारा घेऊन जेवलं की मला पडसं होतं, आणि समोर बसून मी शेवटचा घास घेईपर्यंत गप्पा मारायची. त्या अर्ध्या तासात पुडिंगच्या वाफेने खोलीच्या काचा अगदी पांढऱ्या होऊन जात. गावात इतक्या बायका होत्या, पण नवऱ्यासाठी असं कोणी केलं नाही. शुक्रवारी फाटकातून जाणारे लोकसुद्धा तिला टोपी काढून नमस्कार करत.

त्याच ओघात जॅनेटबद्दल लिहिलं. पाच वर्षांची असताना, बावन्न साली, पोरीला पोलिओ झाला आणि डावा पाय लुळा पडला. पायाला आधार म्हणून बांधायला इस्पितळाने दिलेलं लोखंड इतकं जड की पोर रडून रडून झोपायची. पण दोन महिन्यांत त्यांनी दुसरं, हलकं, सुरेख बनवून पाठवलं, आणि पोर वाढेल तसं दरवर्षी नवं. सोळा वर्षांची होईपर्यंत. मी दर नाताळला इस्पितळाला आभाराचं पत्र लिही. एकाचंही उत्तर आलं नाही, पण एवढ्या कामात त्यांना सवड कुठली!

परिच्छेद विनीला वाचून दाखवला.

"काढून टाक ते."

"लाजतेस काय या वयात?"

"हॉरेस, मी हात जोडते. दोन्ही काढ. पुडिंगपण आणि पायाचंपण."

मी नाही काढलं. माणसाने आपल्या बायकोचं कौतुक छापायलाही परवानगी घ्यायची का?

शुक्रवार, २४ मार्च. गुड फ्रायडे

जॅनेट सुट्टीला आली. लीड्सला शाळेत शिकवते, आता लोखंड लागत नाही, काठी पुरते. जेवण झाल्यावर तिने पिशवीतून कागदात गुंडाळलेलं काहीतरी काढलं आणि चहाच्या कपांच्या मधोमध ठेवलं.

"बाबा, ही माझी वस्तू. तुमच्या प्रदर्शनाला."

तिचा पहिला लोखंडी आधार. हातभर लांब, माझ्या बोटाएवढ्या रुंद पट्ट्या. मी म्हणालो, "अगं, हे इस्पितळाचं. आम्हाला कारखान्यातल्या वस्तू हव्यात."

जॅनेटने आईकडे बघितलं. मग माझ्याकडे. "बाबा, तुम्हाला अजून माहीत नाही?"

"जॅनेट," विनी म्हणाली.

"आई, मला वाटलं तू कधीच सांगितलं असशील! मी बेचाळीस वर्षांची झाले!"

मी तो आधार उचलला. अकरा वर्षं पोरीच्या पायावर असले आधार बघितले, पण चढवायचं-उतरवायचं काम विनीचं, हातात कधी घेतला नव्हता. पोलाद डब्याच्या स्प्रिंगचं. पट्टा डब्याची खिडकी वरखाली करायला असतो त्या चामड्याचा. आतल्या बाजूला, पोरीच्या मांडीला लागायची तिथे, लोहारखान्याचा शिक्का आणि त्याखाली वॉल्टरची खूण. ती खूण मी झोपेतसुद्धा ओळखेन.

मी कोट घालून बाहेर पडलो. पावसाने भिजून परत आलो. पुढचं लिहवत नाही.

शनिवार, २५ मार्च

वॉल्टरच्या दारावरून गेलो, थांबलो नाही. हॉटेलात मासा आणि बटाटे खाल्ले. खारट.

सोमवार, २७ मार्च

जॅनेट गेली. जाताना म्हणाली, "आईवर राग काढू नका." मी काढत नाही. मी बोलतच नाही.

बुधवार, २९ मार्च

आज वॉल्टर स्वतःच आला आणि अंगणातल्या बाकावर बसला. मी बागेत खणत होतो. तिथे काही लावायचं नव्हतं.

"शिव्या दे," तो म्हणाला. "पण बोल."

"किती जणांना माहीत होतं?"

"काय?"

"शुक्रवारचं."

वॉल्टरने टोपी काढून डोकं खाजवलं. "कारखान्यात माणसं किती होती?"

"दोन हजार."

"मग दोन हजार. आणि त्यांच्या बायका धर." मग तो म्हणाला, "आता चर्चमध्ये आहे तो धर्मगुरू नवा आहे, त्याला नसेल. आधीच्याला होतं. घंटेचा लोलक आमचाच."

मी फावडं रोवून उभा राहिलो. म्हणजे चौतीस वर्षं लोक टोपी काढत होते ते कशासाठी, ते मला समजलं. सगळ्या गावाचा विदूषक मी, आणि वर त्याचं प्रकरण लिहून छापायला दिलेलं.

"हसायचात का रे माझ्यावर?"

"पहिली दोन-चार वर्षं," वॉल्टर म्हणाला. त्याला खोटं बोलता येत नाही, एवढं बरं आहे. "नंतर सवय झाली. नंतर उलट काळजीच वाटायची. तुला एकदा ताप आला होता आठवडाभर, तेव्हा बदलीचा पहारेकरी आला होता. माणसं चक्क मेणबत्ती लावून आली चर्चमध्ये, तू बरा व्हावास म्हणून."

शुक्रवार, ३१ मार्च

आज विनीला विचारलं. ती कपड्यांना इस्त्री करत होती, हात थांबवला नाही.

"पहिल्यांदा कधी?"

"बावन्न साली. नोव्हेंबरची चौदा. त्या दिवशी वॉल्टरने आधार बाहेर आणला, पँटच्या आतून, स्वतःच्या पायाला बांधून. तुझ्यासमोरून लंगडत गेला, तू पुडिंग खात होतास."

"मला का नाही विचारलंस?"

"विचारलं असतं तर काय केलं असतंस?"

ती इस्त्री फिरवत राहिली, वाट बघत. वह्या माळ्यावरून काढलेल्या अजून जिन्याखालीच पडल्या आहेत. त्यात माझ्या सख्ख्या मेहुण्याचं नाव आहे, खिशात कंपनीची मापपट्टी सापडली म्हणून. त्याची नोकरी गेली होती. मी तेव्हा अभिमानाने घरी येऊन सांगितलं होतं. विनीच्या भावाची नोकरी, आणि मी सांगताना हसत होतो.

"अडवलं असतं," मी म्हणालो. "तक्रार लिहिली असती. मग पोरीसाठी वरिष्ठांकडे अर्ज केला असता."

"आणि अर्जाला किती दिवस लागले असते?"

"नामंजूर झाला असता."

"मला माहीत होतं," विनी म्हणाली. "म्हणून विचारलं नाही. तुला विचारून तू नाही म्हटलं असतंस तर मला तुझ्यासोबत राहता आलं नसतं. आणि मला राहायचं होतं."

मी विचारलं, "पण आधार वर्षातून एकदा. पुडिंग दर शुक्रवारी का?"

"वर्षातून एकदाच आणलं असतं तर तुला संशय आला असता. तुझ्यासारख्या माणसाला नेम लागतो. मग लोकांच्या लक्षात आलं की शुक्रवारी साहेबांची पाठ असते. त्यांना मी कोणत्या तोंडाने नको म्हणणार होते?"

"जॅनेटचं लोखंड त्रेसष्ट साली सुटलं. पुढची तेवीस वर्षं?"

तिने शर्टाची कॉलर उलटी केली. "अर्धी लोकांची सोय. अर्धी, तुला आवडायचं म्हणून. हिशेब करून सांग म्हणशील तर जमणार नाही मला."

मला राग आला, आणि रडूही आलं. दोन्ही एकदम यायची ही माझी पहिलीच वेळ. विनीने इस्त्री बाजूला ठेवली आणि माझा हात धरून बसली. तिच्या बोटांना चटके लागल्याचे जुने डाग आहेत, ते तेव्हाच्या वाडग्यांचे. आज पहिल्यांदा बघितले.

शनिवार, १ एप्रिल

मुद्रकाला जाऊन सांगितलं, पाचवं प्रकरण काढा. तो म्हणाला, आजच्या तारखेला अशी चेष्टा लोक करतात. चेष्टा नाही म्हणालो. पानांचे आकडे आता बदलता येणार नाहीत. पुस्तकात चौथ्यानंतर सहावं प्रकरण येईल. मिस ग्लेडहिल म्हणाली, छपाईची चूक होती असं सांगू. मी म्हणालो, काही सांगू नका.

शनिवार, ८ एप्रिल

हात दुखतो आहे, तरी लिहितो.

उद्घाटन अकराला होतं. मी नऊलाच गेलो. टेबलांवर शंभरावर वस्तू आणि त्यांच्यापुढे माझ्या सुरेख अक्षरातल्या चिठ्ठ्या : भेट, भेट, सापडले, मावशी, भेट, तळे. माझ्याच हाताने इतकं खोटं लिहिलं होतं. जॅनेटचा आधार मी मधल्या टेबलावर ठेवला आणि त्याची चिठ्ठी लिहिली :

पायाचा आधार. १९५२. केला : वॉल्टर लम्ली, लोहार. पोलाद आणि चामडं : कंपनीचं, न विचारता. फाटकाबाहेर नेला : वॉल्टर लम्लीने, विनिफ्रेड हेब्डनच्या मदतीने. फाटकावर पहारेकरी : हॉरेस हेब्डन. तो जेवत होता.

अकराला दारं उघडली. लोक आले, नेहमीसारखे आधी चहाकडे वळले. मग कोणीतरी चिठ्ठी वाचली. सभागृहात तो माणूस ज्या बाजूला गेला तिथे तिथे बोलणं थांबत गेलं. थोड्या वेळाने फक्त कपबश्यांचा आवाज राहिला आणि मग तोही नाही. मी टेबलामागे उभा होतो. वॉल्टर माझ्या एका बाजूला येऊन उभा राहिला, विनी दुसऱ्या. आम्हा तिघांकडे बघायची कोणाची हिंमत होईना, आणि मला वाटलं, झालं, मी आता या गावात तोंड दाखवू शकणार नाही.

आर्थर बूथ पुढे आला. टोपी हातात.

"हेब्डनसाहेब, माझ्या काचघराची चिठ्ठी चुकली आहे."

"काय लिहायचं?"

"तीन वर्षं लागली," आर्थर म्हणाला. "सहा आठवड्यांनी एका शुक्रवारी एक काच, कोटाच्या आत, पाठीला बांधून. वाकायची सोय नाही. एकदा तुमचं जेवण लवकर आटपलं आणि तुम्ही बाहेर आलात. मला म्हणालात, बूथ, पाठ धरलीय का? आणि आत जाऊन मलमाची डबी आणून दिलीत."

मागून कोणीतरी खुदकन हसलं. मी नवी चिठ्ठी घेतली आणि लिहिलं. मलम माझ्या लक्षात आहे. चांगलं होतं.

त्यानंतर रांगच लागली. तळ्याकाठची बाबागाडी चाकं, दांडा, टोपडं अशी सात तुकड्यांत गेली होती, आणि सातवा तुकडा नेईपर्यंत बाळ चालायला लागलं होतं. सशांची पेटी एका माणसाने बँड पथकाच्या मोठ्या ढोलातून नेली. एका विधवा बाईने नवऱ्याचा पितळी दिवा आणला होता. ती म्हणाली, "तो नेताना इतका घाबरायचा तुम्हाला, घरी येऊन पाणी पीत बसायचा. त्याचं नाव लिहा, साहेब. त्याला कोणी कधी धाडसी म्हटलं नाही." मी लिहिलं. जे घरी बसले होते तेही बातमी ऐकून वस्तू घेऊन आले. दार, चिमटा, झोपाळ्याच्या कड्या, एकाने तर म्हाताऱ्या आईची काठी तिच्या हातातून काढून आणली, चिठ्ठी होईपर्यंत तिला विनीने धरून ठेवलं. मी नाव विचारत होतो, साल विचारत होतो, कशी नेली ते विचारत होतो, आणि लोक सांगत होते. पाच वाजेपर्यंत एकशे त्र्याऐंशी नोंदी झाल्या. मिस ग्लेडहिल म्हणाली, हेच पाचवं प्रकरण.

सगळे गेल्यावर, दुपारीच लीड्सहून आलेली जॅनेट आधार घ्यायला आली. तिला तो लीड्सला परत न्यायचा आहे, सोमवारी मुलांना दाखवायला. तिने तो काखोटीला मारला, काठी घेतली, दारापर्यंत गेली आणि वळली.

"पहारेकरी," ती म्हणाली, "परवाना?"

ती हसत होती. मी खुर्ची ओढून बसलो आणि खरंच लिहिला. एक पायाचा आधार, डावा, वय वर्षं पाच. नेणारीचं नाव, जॅनेट हेब्डन. खाली लिहायचो तसं 'जाऊ द्यावे' लिहिलं आणि सही केली. मग तारखेच्या जागी १४ नोव्हेंबर १९५२ घातली. आयुष्यात परवान्यावर मागची तारीख मी पहिल्यांदाच घातली.